श्वासाला चार दिवस द्या



ज्या डॉक्टरांच्या स्मृतीसाठी आपण दर वर्षी इथं जमतो, त्यांच्या दवाखान्यात मी मेडिकलच्या दुसऱ्या वर्षाला असताना उन्हाळ्याच्या सुट्टीत जाऊन बसत असे. त्यांनी मला सगळ्यात आधी श्वास मोजायला शिकवलं. रोग्याचं मनगट हातात घ्यायचं, नाडी बघतो आहोत असं त्याला वाटू द्यायचं आणि नजर त्याच्या छातीवर ठेवायची. आपला श्वास कुणी मोजतंय हे कळलं की माणसाचा श्वास बदलतो, म्हणून ही युक्ती. पंधरा सेकंद मोजून चारनं गुणलेलं त्यांना चालत नसे. बाहेर बाकावर वीस माणसं खोळंबलेली असोत, पूर्ण एक मिनिट मोजायचं.

पुढं मी ३१ वर्षं शरीरक्रियाशास्त्र शिकवलं आणि श्वसनाचा भाग बहुतेक वेळा माझ्याकडेच असायचा. आज मी उंचावरच्या श्वासाबद्दल बोलणार आहे. हा विषय घ्यायला कारण आहे. आपल्या भागातून दर वर्षी माणसं केदारनाथला जातात, अमरनाथला जातात, आणि गेल्या काही वर्षांत लेह-लडाखची सहल तर घराघरातून होऊ लागली आहे. निघताना स्वेटर, कानटोप्या, चिवडा-लाडवाचे डबे, सगळं आठवणीनं बांधलं जातं. श्वासाला लागणारे दिवस मात्र कुणी हिशेबात धरत नाही.

आधी हवेचं बघू. उंचावर हवेत ऑक्सिजन कमी असतो, असं आपण सर्रास म्हणतो. ते अर्धंच खरं आहे. गिरगाव चौपाटीवर हवेत शेकडा २१ भाग ऑक्सिजन असतो, लेहमध्ये तेवढाच असतो आणि एव्हरेस्टच्या माथ्यावरही तेवढाच. बदलतो तो दाब. लग्नघरात गाद्यांची चवड रचलेली असते ती आठवा. सगळ्यात खालची गादी दबून चपटी झालेली, वरची फुगलेली. कापूस दोन्हींत सारखाच, पण खालच्या गादीत मूठ घातली तर हाताला जास्त कापूस लागेल. हवेचं तसंच आहे. समुद्रसपाटीवर तिचा दाब पाऱ्याचा ७६० मिलिमीटर. आपल्या कळसूबाईवर, म्हणजे १,६४६ मीटरवर, तो साधारण ६२५ होतो आणि शरीराला त्याची फारशी दखल घ्यावी लागत नाही. लेह आहे साधारण ३,५०० मीटरवर. तिथं दाब ४९५ च्या आसपास. खारदुंग ला खिंडीत तो जवळपास निम्म्यावर येतो. म्हणजे लेहच्या विमानतळावर उतरून तुम्ही पहिला श्वास घेता तेव्हा छाती नेहमीइतकीच फुगते, पण आत येणारा ऑक्सिजन मुंबईच्या दोन तृतीयांशाहून थोडा कमीच असतो.

अन्नाचा साठा शरीरात काही आठवड्यांचा असतो, पाण्याचा काही दिवसांचा. ऑक्सिजनचा साठा जेमतेम काही मिनिटांचा. म्हणून तर दिवसाला सुमारे वीस हजार वेळा आपण श्वास घेतो. हातावर पोट असलेल्या माणसाची रोजची मजुरी तिसऱ्या हिश्श्यानं कापली गेली, तर तो पहिल्यांदा काय करेल? जास्त तास राबेल. शरीर तेच करतं. श्वास वाढवतं. पण वाढव असं सांगतं कोण?

जबड्याच्या कोनाखाली मानेवर दोन बोटं ठेवा. धडधड लागते ती मेंदूकडे जाणारी रोहिणी. तिथंच ती दुभंगते, आणि त्या बेचक्यात दोन्ही बाजूंना तांदळाच्या दाण्याएवढा एक पिंड बसलेला असतो. वजन काही मिलिग्रॅम, पण ग्रॅममागे रक्त मोजलं तर शरीरातल्या कुठल्याही अवयवापेक्षा याला जास्त मिळतं. माद्रिदच्या फर्नांडो दे कास्त्रो यांनी १९२०च्या दशकात सूक्ष्मदर्शकाखाली त्याच्या नसांची जाळी पाहिली आणि हा रक्ताची चव घेणारा अवयव असावा असं मांडलं. बेल्जियमच्या कॉर्नेल हेमन्स यांनी प्रयोगांनी ते सिद्ध केलं आणि १९३८चं नोबेल त्यांना मिळालं. दे कास्त्रोंचं नाव त्यात असायला हवं होतं, असं मी दर वर्षी वर्गात सांगत आले, आजही सांगते. रक्तातला ऑक्सिजन घसरला की हा दाणा काही सेकंदांत मेंदूला बोंब मारतो आणि श्वास खोल होतो.

पण शरीरात राखणदार एकच नाही. दुसरा मेंदूच्या देठात बसतो आणि त्याला ऑक्सिजनशी देणंघेणं नाही. तो फक्त कार्बन डायऑक्साइड बघतो. जॉन स्कॉट हाल्डेन आणि प्रीस्टली यांनी १९०५मध्ये दाखवलं की रोजच्या आयुष्यात श्वासाची दोरी याच्याच हातात असते. कार्बन डायऑक्साइडचा दाब नुसता एक मिलिमीटर वाढला तरी मिनिटाला दोन-तीन लिटर जास्त हवा आत-बाहेर करायला तो लावतो. पाण्याखाली श्वास रोखल्यावर जीव गुदमरतो तोही याच्यामुळे. आपल्याकडे विहिरीत बुडी मारण्याआधी पोरं भराभर दहा-वीस श्वास घेतात. त्यानं ऑक्सिजन फारसा वाढत नाही, कार्बन डायऑक्साइड मात्र धुऊन निघतो. मग हा राखणदार गप्प बसतो, वर येण्याची हाक मिळत नाही आणि पोर पाण्याखालीच शुद्ध हरपतं. इथं बसलेल्या आईवडिलांनी हे मुलांना जरूर सांगावं.

आता हे दोघं राखणदार लेहला घेऊन जा. मानेतला म्हणतो, ऑक्सिजन कमी आहे, श्वास वाढव. श्वास वाढतो. त्याबरोबर कार्बन डायऑक्साइड भराभर बाहेर जातो आणि रक्त अल्कलीकडे झुकतं. मेंदूतला म्हणतो, कार्बन डायऑक्साइड तर भलताच कमी झालाय, श्वास आवर. एकाच दोरीला दोघं दोन बाजूंनी ओढतात. पहिल्या दिवशी उंचावर आपला श्वास वाढतो खरा, पण हवा तेवढा वाढत नाही, तो याच ओढाताणीमुळे.

मिटवायला तिसरा यावा लागतो, आणि तो म्हणजे मूत्रपिंड. रक्तातलं बायकार्बोनेट, म्हणजे अल्कली, ते लघवीवाटे टाकायला लागतं. जसजसं ते कमी होतं, तसतसा मेंदूतला राखणदार नव्या, कमी कार्बन डायऑक्साइडला सरावतो आणि पाय ब्रेकवरून काढतो. दरम्यान मानेतला दाणाही दिवसेंदिवस जास्त तिखट होत जातो. तेवढ्याच ऑक्सिजनला आता तो जास्त जोरानं ओरडतो. श्वास दिवसागणिक खोल होत जातो. पण मूत्रपिंडाचं काम सेकंदांत होणारं नाही, त्याला दिवस लागतात. विमान दिल्लीहून सव्वा तासात लेहला पोहोचतं. मूत्रपिंड तीन-चार दिवसांनी पोहोचतं.

एवढा खटाटोप कशासाठी? हिशेब करून बघू. फुप्फुसाच्या टोकाला बारीक बारीक वायुकोश असतात. त्यात ऑक्सिजन आणि कार्बन डायऑक्साइड या दोघांना मिळून ठरावीक दाबाचीच जागा, आणि ती त्यांनी वाटून घ्यायची. एसटीच्या बाकावर शेजारचा सरकला की आपल्याला जागा होते, तसं कार्बन डायऑक्साइड सरकला की ऑक्सिजनला जागा होते. मुंबईत वायुकोशात कार्बन डायऑक्साइडचा दाब ४० मिलिमीटर. लेहला तो तसाच ४० राहिला, तर ऑक्सिजनच्या वाट्याला ४५ च्या आसपास येतात. सरावल्यावर कार्बन डायऑक्साइड ३० वर उतरला, की ऑक्सिजन ५७ च्या घरात जातो. या बारा मिलिमीटरवर डोकं दुखणं आणि न दुखणं ठरू शकतं.

हे उतरतं प्रमाण कुणी मोजलं ते सांगितल्याशिवाय मला पुढं जाववत नाही. १९११ साली हाल्डेन आणि त्यांचे सहकारी अमेरिकेत कोलोरॅडोमधल्या पाइक्स पीकवर, सुमारे ४,३०० मीटरवर, पाच आठवडे मुक्कामाला गेले. त्या मोहिमेत एक बाई होत्या, मेबल फिट्झजेरल्ड. ऑक्सफर्डमध्ये त्या शरीरक्रियाशास्त्र शिकल्या, पण तेव्हा त्या विद्यापीठात बायकांना पदवी देत नसत. पुरुष शास्त्रज्ञ शिखरावरच्या घरात राहिले, आणि फिट्झजेरल्डबाईंच्या वाट्याला आल्या कोलोरॅडोच्या खाणींच्या वस्त्या. उपकरणं बरोबर घेऊन त्या डोंगरातून गावोगाव हिंडल्या. वेगवेगळ्या उंचीवर कायम राहणाऱ्या माणसांना त्या नळीत शेवटपर्यंत श्वास सोडायला लावत आणि त्यातला कार्बन डायऑक्साइड मोजत. १९१३मध्ये त्यांनी आकडे मांडले. उंची वाढत जाते तसा वायुकोशातला कार्बन डायऑक्साइड एका सरळ रेषेत उतरत जातो. अगदी लहानशा चढालाही शरीर हिशेब ठेवतं. शिखरावर एकाच जागी बसून ही रेषा कधीच दिसली नसती. ती दिसली वस्ती-वस्ती फिरल्यामुळे. ऑक्सफर्डनं त्यांना मानद पदवी दिली ती १९७२मध्ये, त्यांच्या वयाला शंभर वर्षं झाली तेव्हा.

तीच रेषा वर वर नेत गेलं तर काय होतं? २४ ऑक्टोबर १९८१ रोजी ख्रिस पिझो हे डॉक्टर एव्हरेस्टच्या माथ्यावर पोहोचले. ते जॉन वेस्ट यांच्या अमेरिकन वैद्यकीय मोहिमेतले. त्यांनी तिथं हवेचा दाब मोजला, तो भरला २५३ मिलिमीटर. पुस्तकी गणितानं तो याहून कमी यायला हवा होता. पण एव्हरेस्ट विषुववृत्तापासून फार दूर नाही आणि त्या पट्ट्यात हवेचा थर जाड असतो, म्हणून थोडी जास्त हवा मिळाली. हाच डोंगर ध्रुवाजवळ असता, तर ऑक्सिजनच्या नळकांड्याशिवाय त्यावर चढणं बहुधा कुणालाच जमलं नसतं. पिझोंनी स्वतःच्या उच्छ्वासाच्या अखेरच्या हवेचे नमुनेही बंद डब्यांत भरून खाली आणले. त्यातला कार्बन डायऑक्साइडचा दाब होता साडेसात मिलिमीटर. कुठं ४० आणि कुठं साडेसात! आता मघाचा हिशेब इथं लावा. शिखरावर आत घेतलेल्या हवेत ऑक्सिजनचा दाब जेमतेम ४३. कार्बन डायऑक्साइड मुंबईसारखा ४० ठेवला, तर ऑक्सिजनसाठी उरणारी जागा शून्याच्याही खाली जाते. म्हणजे ८ मे १९७८ रोजी राइनहोल्ड मेसनर आणि पीटर हाबेलर नळकांड्याशिवाय त्या माथ्यावर उभे राहिले, ते पायांइतकेच श्वासाच्या जोरावर.

२००७मध्ये ब्रिटिश डॉक्टरांच्या तुकडीनं याहून धाडसी काम केलं. शिखरावरून उतरताना ८,४०० मीटरवर त्यांनी एकमेकांच्या मांडीतल्या रोहिणीतून रक्त काढलं. त्या थंडीत कपडे सोडून सुई टोचायची, हे डोळ्यांसमोर आणून बघा. रक्त बर्फात ठेवून शेर्पांनी धावत खालच्या छावणीत पोहोचवलं. ऑक्सिजनचा दाब सरासरी २४.६ मिलिमीटर निघाला, एकाचा तर १९.१. आपल्या अतिदक्षता विभागात असा आकडा आला तर सगळं रुग्णालय धावत सुटेल. ती माणसं चालत होती, बोलत होती. कारण त्यांनी वर चढायला कित्येक आठवडे घेतले होते.

आणि ज्यांनी वेळ घेतला नाही? १५ एप्रिल १८७५ला पॅरिसहून ‘झेनिथ’ नावाचा फुगा तिघांना घेऊन उडाला आणि थोड्या वेळात साडेआठ हजार मीटरच्या वर गेला. ऑक्सिजनच्या पिशव्या हाताशी होत्या. त्या तोंडाला लावण्याची गरज वाटेपर्यंत हात उचलेनासे झाले. क्रोसे-स्पिनेली आणि सिव्हेल गेले, एकटे तिसांदिए वाचले. त्यांनी लिहून ठेवलं की त्रास असा झालाच नाही, उलट बरं वाटत होतं. हे मला सगळ्यात भयंकर वाटतं. ऑक्सिजन कमी पडला की मेंदूची तक्रार करण्याची शक्तीच आधी जाते. कोविडमध्ये आपण हे घरोघरी पाहिलं. बोटाला लावलेलं यंत्र ८५ दाखवत होतं आणि माणूस म्हणत होता, मला काही होत नाहीये.

आता माझ्या स्वतःच्या अनुभवाकडे येते. सात-आठ वर्षांपूर्वी मी आणि माझे यजमान लेहला गेलो. पहिली रात्र. बाहेर कुत्री भुंकायची थांबली होती, खोलीत एवढी शांतता की शेजारच्याचा श्वास ऐकू येत होता. साधारण दोन वाजता मला जाग आली ती आवाजानं नव्हे, आवाज थांबल्यानं. यजमानांचा श्वास बंद होता. मी उठून बसले. दहा सेकंद, बारा सेकंद. मग एक मोठा उसासा, पाठोपाठ चार-पाच खोल श्वास, ते हळूहळू उथळ झाले आणि पुन्हा सगळं स्तब्ध. हा श्वास मी लहानपणी आजीच्या अंथरुणाशी बसून पाहिला होता. आपल्याकडे त्याला ऊर्ध्व लागणं म्हणतात आणि तो लागला की तुळशीपत्र शोधतात. जॉन चेन यांनी १८१८मध्ये आणि विल्यम स्टोक्स यांनी १८५४मध्ये त्याचं वर्णन केलं, हे मी कितीतरी तुकड्यांना शिकवलं होतं. तरी त्या अंधारात माझे हात गार पडले. मग डॉक्टरांची शिकवण आठवली. मनगट धरलं, मोबाइलच्या उजेडात घड्याळ समोर ठेवलं आणि पूर्ण एक मिनिट मोजलं, मग दुसरं, मग तिसरं. थांबणं दर वेळी सारखंच होतं, दहा-बारा सेकंदांचं. नाडी ठणठणीत होती, ओठांचा रंग ठीक होता. मी परत आडवी झाले.

ती मघाचीच ओढाताण होती. जागेपणी माणूस चालतो, बोलतो, त्यात ती झाकली जाते. झोपेत दोघं राखणदार मोकळे सुटतात. मानेतला श्वास वाढवतो, कार्बन डायऑक्साइड पार खाली जातो, मेंदूतला श्वास बंदच करतो. मग ऑक्सिजन घसरतो, कार्बन डायऑक्साइड साठतो आणि दोघंही एकदम ओरडतात, तो उसासा. निरोगी माणसात उंचावर हे होतंच आणि त्यानं जीव जात नाही. फक्त झोप तुटते. तिसऱ्या-चौथ्या रात्री यजमानांचा श्वास बराच संथ लागला. पण म्हणूनच सांगते, पहिल्या रात्री झोप येत नाही म्हणून झोपेची गोळी घेऊ नका आणि दारूला हात लावू नका. दोन्हींनी श्वासाची हाक बोथट होते, आणि त्या रात्री तीच तर आपल्याला हवी असते.

उंचीच्या त्रासासाठीची डायमॉक्स नावाची गोळी बऱ्याच जणांना माहीत असते. ती आजार झाकते असा एक गैरसमज आहे. ती मूत्रपिंडाला बायकार्बोनेट टाकायची घाई करायला लावते. जे काम चार दिवसांत व्हायचं ते लवकर उरकते. म्हणून ती घेतल्यावर लघवीला जास्त होतं, बोटांना मुंग्या येतात आणि सोडा-लेमन प्यायलं तर ते बेचव लागतं. सल्फाच्या औषधांची ॲलर्जी असलेल्यांनी जास्त जपायला हवं. ती घ्यायची की नाही, हे आपल्या डॉक्टरांना निघण्यापूर्वी विचारा, सहप्रवाशाच्या पर्समधून घेऊ नका.

कापराबद्दल इथं बोलायलाच हवं. आपल्याकडच्या यात्रेकरूंच्या गळ्यात कापराची पुरचुंडी असते आणि ती हुंगली की ऑक्सिजन वाढतो अशी पक्की समजूत आहे. कापूर नाकातल्या थंडाव्याच्या नसांना चेतवतो, त्यामुळे नाक मोकळं झाल्यासारखं वाटतं. रक्तातला ऑक्सिजन त्यानं कणभरही वाढत नाही. नुसता हुंगला तर बिघडत नाही. पण त्या थंडाव्यावर विसंबून पुढं चढत राहणं जिवावर बेतू शकतं.

आपलं लष्कर हा धडा फार मोठी किंमत देऊन शिकलं. १९६२च्या युद्धात मैदानी मुलखातली पोरं विमानानं थेट लडाखच्या उंचीवर नेऊन उतरवली गेली. गोळी न लागता जवान आजारी पडत होते आणि दगावत होते. धडधाकट पोराला दुसऱ्या-तिसऱ्या रात्री कोरडा खोकला, बसल्या जागी धाप, मग तोंडाला गुलाबी फेस. पूर्वी याला न्यूमोनिया समजत. चार्ल्स ह्यूस्टन यांनी १९६०मध्ये अमेरिकेत याचं नेमकं वर्णन छापलं, पण सगळ्यात मोठा अनुभव जमा झाला तो आपल्या लष्करी डॉक्टरांकडे. इंदर सिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा १९६९चा लेख १,९२५ जवानांवर आधारलेला आहे आणि आजही जगभर त्याचा आधार घेतला जातो. होतं असं, की फुप्फुसात जिथं ऑक्सिजन कमी तिथली रक्तवाहिनी आवळून घेण्याची शरीराला सवय असते. खाली आपल्या उंचीवर ती फायद्याची. फुप्फुसाचा एखादा कोपरा बिघडला तर रक्त दुसरीकडे वळतं. पण उंचावर सगळं फुप्फुसच ऑक्सिजनला मुकलेलं. सगळीकडे वाहिन्या आवळतात, कुठं जास्त कुठं कमी, आणि जिथं कमी आवळल्या तिथं सगळ्या रक्ताचा लोंढा येऊन पाणी वायुकोशात झिरपतं.

त्यातून लष्करानं नियम बसवला. नऊ ते बारा हजार फुटांवर सहा दिवस, पंधरा हजारांपर्यंत आणखी चार दिवस, त्याच्या वर जायचं तर आणखी चार. एकूण चौदा दिवस. यातून कुणाला सुटका नाही, कितीही मोठा हुद्दा असो. ज्या पोरांना कसून तयार केलेलं असतं, त्यांनाही लष्कर चौदा दिवस देतं, आणि आपण आपल्या आईवडिलांना एक दुपार देतो.

रक्ताबद्दल थोडक्यात. उंचावर तांबड्या पेशी वाढतात हे खरं, पण त्याला आठवडे लागतात, सहलीत त्याचा उपयोग नाही. पेशींना ऑक्सिजनची चणचण कशी कळते याच्या उकलीला २०१९चं नोबेल मिळालं. तिबेटी लोकांनी तर रक्त घट्ट करण्याचा मार्ग बराच टाळला आहे. त्यांच्यातल्या एका जनुकाचं रूप डेनिसोव्हन या नामशेष मानवजातीकडून आलं असल्याचं २०१४मध्ये दिसून आलं, आणि त्यामुळे हजारो वर्षं उंचावर राहूनही त्यांचं रक्त प्रमाणाबाहेर दाट होत नाही. त्यांचा श्वास मात्र भरपूर चालतो. उलट पेरूच्या अँडीज पर्वतात रक्त दाट होऊन माणसं आजारी पडतात. कार्लोस मोंगे यांनी १९२५मध्ये ते प्रथम मांडलं. आणि भिगवणला उजनीच्या पाण्यावर हिवाळ्यात येणारे पट्टकादंब पाहिले असतील, ते हिमालय ओलांडून आलेले असतात. त्यांच्या हिमोग्लोबिनची घडणच विरळ हवेतला ऑक्सिजन पकडणारी आहे. त्यांना हे पिढ्यान्‌पिढ्यांतून मिळालेलं आहे. आपल्याला दर वेळी नव्यानं मिळवावं लागतं, आणि खाली उतरल्यावर काही दिवसांत ते ओसरतं. मागच्या वर्षी जाऊन आलो म्हणून या वर्षी घाई चालेल, असं नाही.

त्याच लेहच्या मुक्कामात शेजारच्या खोलीत आपल्याकडचंच एक कुटुंब होतं. मुलगा सव्वीस वर्षांचा, दर रविवारी सह्याद्रीतला एक गड करणारा. सहल कंपनीनं आखलेला कार्यक्रम असा, की आज विमानानं लेह आणि उद्या रात्री पँगाँगच्या काठी तंबूत मुक्काम. म्हणजे दुसरीच रात्र सव्वाचार हजार मीटरवर. त्याचं डोकं पहिल्या संध्याकाळपासून ठणकत होतं. आपल्यामुळे सगळ्यांची सहल बुडेल म्हणून तो बोलला नाही. रात्री तंबूत त्याला बसल्या बसल्या धाप लागली. अशा वेळी एकच खरा इलाज असतो, खाली उतरणं. पण पँगाँगहून लेहला यायच्या नेहमीच्या रस्त्यावर चांग ला आहे, ५,३०० मीटरच्या वर. म्हणजे उतरण्यासाठी आधी हजारभर मीटर चढायचं. गाडीत ऑक्सिजनचं नळकांडं होतं म्हणून तो लेहच्या रुग्णालयापर्यंत पोहोचला आणि वाचला. त्याच्या तब्येतीत काहीही उणं नव्हतं. कळसूबाई चढण्याचा सराव पायांना उपयोगी पडतो, मानेतल्या दाण्याला नाही. उलट दमदार माणूस पहिल्याच दिवशी जास्त धावपळ करतो.

केदारनाथ ३,५८३ मीटरवर आहे, लेहच्या बरोबरीनं. गौरीकुंडावरून चालत जाणाऱ्याला निदान चढाचे तास मिळतात. हेलिकॉप्टरनं जाणारा काही मिनिटांत वर असतो. सत्तरीच्या माणसानं जाऊ नये असं मी म्हणत नाही. वयानं उंचीचा आजार वाढतो असं दिसत नाही, पण हृदयाची किंवा फुप्फुसाची जुनी दुखणी असतील तर तपासून घ्यायलाच हवीत.

तेव्हा ज्यांनी सहल ठरवली आहे त्यांना माझं एवढंच सांगणं आहे. लेहला उतरल्यावर दोन दिवस गावातच राहा, जिने चढ-उतार करू नका, पाणी प्या, पडून राहा. त्यानंतर मुक्कामाची उंची रात्रीमागे पाचशे मीटरहून जास्त वाढवू नका. बोटाला लावायच्या यंत्रावर ८८ दिसले तर घाबरू नका, तिथं पहिल्या दिवशी ते चालतं. पण डोकं दुखत असेल तर आकडा काहीही असो, वर जाऊ नका. बसल्या जागी धाप लागली, किंवा सरळ रेषेत चालताना पाय लटपटले, तर उजाडायची वाट न बघता खाली उतरा. आणि घरातल्या तरुणांना बजावून ठेवा, की डोकं दुखतंय हे लपवायचं नाही.

आज घरी गेल्यावर सहलीचा तो छापील कागद काढा. पहिल्या दोन दिवसांपुढे काय लिहिलंय ते बघा. तिथं विश्रांती लिहिलेली नसेल, तर पैसे भरण्याआधी ती लिहून घ्या.